चि. ईशास

चि. ईशा,



तुझा लांबलचक मेसेज वाचला. सकाळी पाककृतींचा कार्यक्रम कापायचा, रात्री गुन्हेगारी मालिका. यात 'माझी म्हणून शैली तयारच होत नाहीये' ही तुझी तक्रार. मला विचारशील तर ती इतक्यात न झालेलीच बरी.

संकलक रेणू सलुजा हे नाव तुला ठाऊक असेल. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांनाही तुझ्यासारखं दिग्दर्शनच शिकायचं होतं, प्रवेश मिळाला संकलनाला. १९७६ साली त्या तिथून बाहेर पडल्या. तू फक्त १९८३ हे वर्ष बघ. 'जाने भी दो यारो' आणि 'अर्धसत्य', दोन्ही त्यांच्याच टेबलावरून गेलेले. एकात महाभारताच्या नाटकात चक्क प्रेत द्रौपदी होऊन उभं राहतं, रंगमंचावर ही झुंबड, तरी कोण कोणाला कशासाठी ओढतंय याबद्दल आपला क्षणभरही गोंधळ होत नाही. दुसऱ्यात ओम पुरींचा वेलणकर आतल्या आत धुमसत असतो आणि त्या चेहऱ्यावर थांबायचं धैर्य लागतं. नावं झाकून दाखवले तर दोन्हींमागे एकच हात आहे हे मला तरी ओळखता आलं नसतं. पुढे 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' या चार चित्रपटांसाठी राष्ट्रीय पुरस्कार. विषय म्हणशील तर अंडरवर्ल्ड, टॅक्सीवाल्याची स्वप्नं, वल्लभभाई पटेल आणि गुजरातेतली एक दबंग बाई. २००० साली त्या गेल्या, अवघ्या अठ्ठेचाळीसाव्या वर्षी.

उत्तम संकलन दिसत नाही, असं तुला कोणीतरी शिकवलंच असेल. मला ते अर्धवट वाटतं. 'परिंदा'त प्रकाश नावाच्या पात्राचा खून होतो तेव्हा कबुतरांची फडफड अंगावर येते, आणि ती यायलाच हवी. कट लपवायचा की अंगावर घालायचा, हे त्या प्रसंगानं सांगावं. तुझ्या सवयीनं नव्हे.

रेणू सलुजांच्या पिढीचा हात फिल्मवर घडला. पस्तीस मिलिमीटरची मिनिटभराची फिल्म म्हणजे नव्वद फूट. प्रत्येक तुकड्याची नोंद ठेवायची, तो टांगायचा, पुन्हा हवा असेल तर शोधायचा. साहजिकच कापण्याआधी विचार व्हायचा. तुला एका बटणावर सगळं परत मिळतं, म्हणून हा विचार तुला मुद्दाम करावा लागेल. रशेस, म्हणजे चित्रीकरणाचं कच्चं फुटेज, पहिल्यांदा बघताना कीबोर्डला हात लावू नकोस. कुठे हसू आलं, कुठे कंटाळा आला, ते वहीत लिही. दहाव्यांदा बघताना यातलं काहीच जाणवत नाही. 'ॲक्शन'च्या आधीचं आणि 'कट'नंतरचंही बघ. नट बेसावध असतो तेव्हा कधी कधी हवी ती नजर तिथे सापडते. आणि शॉट घ्यायला दिग्दर्शकाला किती त्रास झाला, हे मनावर घेऊ नकोस. प्रेक्षकाला त्याच्याशी काय देणंघेणं?

पाककृतींच्या कार्यक्रमाला नाक मुरडू नकोस. कढईत फोडणी तडतडली की बाईच्या चेहऱ्यावर कधी जायचं, हा ताल तिथेच कळतो. ध्वनीवाल्यांशी मैत्री कर. अर्धे कट कानानं ठरतात.

पैशांचं आणि श्रेयनामावलीतल्या नावाचं मात्र काम सुरू होण्याआधीच लेखी घे. नंतर मागताना तूच अवघडशील. आणि फुटेजच्या दोन प्रती दोन वेगळ्या डिस्कवर ठेव, कोणी सांगो न सांगो.

दिवाळीला येशील तेव्हा तुझा एखादा भाग घेऊन ये. आधी आवाज बंद करून बघू, मग भांडू.

तुझी,
आत्या