माहितीपट आणि गावाचा क्रीडावारसा : गोळेश्वरचे उदाहरण

एखाद्या लहान गावाच्या क्रीडावारशाचा शोध माहितीपटकाराने कसा घ्यावा, याचा विचार आपण येथे करणार आहोत. त्यासाठी सातारा जिल्ह्यातील कराडजवळचे गोळेश्वर हे गाव उदाहरणादाखल घेऊ.

नोंद

खाशाबा दादासाहेब जाधव यांचा जन्म 15 जानेवारी 1926 रोजी गोळेश्वर येथे झाला. वडील मल्ल असल्याने कुस्तीचे पहिले धडे त्यांना घरातच मिळाले. 1948 च्या लंडन ऑलिंपिकमध्ये ते सहावे आले. 1952 मध्ये हेलसिंकी येथे फ्रीस्टाइल कुस्तीच्या बँटमवेट गटात त्यांनी कांस्यपदक मिळवले. स्वतंत्र भारताचे हे पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक होय. दुसऱ्यासाठी 1996 साल उजाडावे लागले. एवढा मजकूर कोशातही सापडतो. तेवढाच पडद्यावर मांडल्यास ती केवळ सचित्र नोंद ठरेल.

आठवण

हेलसिंकीच्या प्रवासखर्चासाठी लोकांनी वर्गणी काढली. कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयाच्या प्राचार्यांनी स्वतःचे घर गहाण ठेवले, असे सांगितले जाते. पदक घेऊन परतलेल्या खाशाबांची बैलगाड्यांतून मिरवणूक निघाली, हेही सर्वजण सांगतात. गाड्यांचा आकडा मात्र कोणी 100 सांगतात, कोणी 151.

येथे माहितीपटकाराची कसोटी लागते. मोठा आकडा आकर्षक वाटतो म्हणून तो निवेदकाच्या तोंडी घालणे अयोग्य. आकडे जुळत नाहीत म्हणून आठवणच वगळणे त्याहून अयोग्य. गहाणखत व तत्कालीन वृत्तपत्रे यांचा शोध घ्यावा. जे कागदावर सिद्ध होईल ते निवेदकाने सांगावे. उरलेले ज्याचे त्याच्या तोंडूनच ऐकू द्यावे. प्रेक्षकाला दोहोंतील भेद कळला पाहिजे.

आकड्यातील तफावतही अर्थपूर्ण असते. खाशाबा 1984 मध्ये अपघातात निधन पावले; अर्जुन पुरस्कार त्यांना मरणोत्तर मिळाला. ज्याचा गौरव हयातीत अपुरा राहिला, त्याच्या मिरवणुकीतील गाड्या गाव आपल्या आठवणीत वाढवत राहते, असा अर्थ येथे संभवतो.

एक व्यावहारिक बाब ध्यानात ठेवावी. 1952 मध्ये जी मुले दहा वर्षांची होती, त्यांनी आज ऐंशी ओलांडली आहे. म्हणून वृद्धांच्या मुलाखती आधी घ्याव्यात; दप्तरे नंतरही उघडता येतात.

सारांश

क्रीडावारसा म्हणजे केवळ विजेता व पदक नव्हे. त्याला घडवणारी तालीम, वर्गणी देणारे हात आणि सांगणाऱ्यांची स्मृती, हे सारे मिळून तो वारसा होतो.

स्वयं-अध्ययन प्रश्न

1. नोंद व आठवण यांतील फरक सोदाहरण स्पष्ट करा.

2. आपल्या गावातील तालीम, मैदान किंवा खेळाडू यांविषयी दोन वृद्धांशी बोला. त्यांच्या कथनात जेथे तफावत आढळेल, तेथे तिचे कारण काय असावे, हे 10 ओळींत लिहा.