बापाचे नाव आणि लेकीचा जीव



चित्रपटाच्या जाहिरातीत नायक-नायिकेची नावे मोठ्या अक्षरांत असतात. पण घरी परतल्यावर मनात पुष्कळदा राहतो तो एखादा चाचा किंवा एखादी मावशी. आपले डेव्हिड अब्राहाम चेऊलकर यांचेच पाहा ना! 'बूट पॉलिश' (१९५४) मधला त्यांचा जॉन चाचा आपल्यापैकी कोण विसरला आहे? अशाच दुय्यम भूमिका करणाऱ्या जर्मनीतील एका नटीचे चरित्र आज आपण पाहू. त्यात आपल्या धर्मशास्त्रातला एक कठीण प्रश्न दडलेला आहे.

कामिला स्पिरा यांचा जन्म १ मार्च १९०६ रोजी हॅम्बुर्ग येथे झाला. वडील फ्रिट्झ स्पिरा ज्यू, आई लोट्टे ख्रिस्ती, दोघेही नट. धाकटी बहीण श्टेफी हीसुद्धा नटीच झाली. १९३० साली बर्लिनमध्ये 'इम वायसन ऱ्योसल' ही संगीतिका फार गाजली. तीत हॉटेलच्या मालकिणीचे मुख्य काम कामिलाबाईंचे होते. पडद्यावर मात्र बहुतेक लहान भूमिका वाट्याला आल्या. त्यांतली एक 'मोर्गेनरोट' या पाणबुडीवरील चित्रपटातली. ३० जानेवारी १९३३ ला हिटलर चान्सेलर झाला आणि २ फेब्रुवारीला बर्लिनमध्ये याच चित्रपटाच्या पहिल्या खेळाला तो हजर होता! पुढे ज्यू कलावंतांना चित्रपटाची दारे बंद झाली. कामिलाबाई 'कुल्टुरबुंड' या संस्थेच्या नाटकांत काम करू लागल्या. तेथे नटही ज्यू आणि प्रेक्षकही ज्यूच.

१९३८ साली पती हेर्मान आयस्नर व मुले यांच्यासह त्या हॉलंडला गेल्या. दोन वर्षांनी नाझी सैन्य तेथेही पोहोचले. १९४३ साली सर्व कुटुंब वेस्टरबोर्क छावणीत डांबले गेले. या छावणीतून बहुधा दर मंगळवारी पूर्वेकडे आगगाडी सुटे. अशा गाड्यांनी लाखाहून अधिक ज्यूंना मृत्यूच्या छावण्यांकडे नेले. त्याच छावणीत कैदी कलावंत गाण्यांचे व विनोदाचे कार्यक्रम करीत, आणि कामिलाबाईही त्यांत होत्या. त्यांचे सहकारी माक्स एर्लिख व विली रोझेन यांना १९४४ साली आउश्विट्झ येथे ठार मारण्यात आले.

मग कामिलाबाई वाचल्या कशा? १९३५ च्या न्यूरेंबर्ग कायद्यांप्रमाणे ज्याचे दोन आजी-आजोबा ज्यू आणि विवाहही ज्यूशी, तो ज्यूच गणला जाई. बर्लिनमध्ये लोट्टे यांनी खोटे लिहून दिले की, 'कामिलाचा खरा बाप फ्रिट्झ नव्हे. तो आर्य होता.' नाझींनी ते मान्य केले. लेक कागदावर आर्य ठरली, आणि आर्य पत्नीचा नवरा म्हणून आयस्नरही सुटले. फ्रिट्झ स्पिरा मात्र त्याच वर्षी युगोस्लाव्हियातील रुमा छावणीत मरण पावले.

आता प्रश्न असा : दहा आज्ञांत 'आपल्या बापाचा व आपल्या आईचा मान राख' ही आज्ञा आहे आणि खोटी साक्ष देऊ नये हीही आहे. येथे तर बापाचे नाव पुसले गेले, आणि आईने न केलेले पाप स्वतःच्या माथी घेतले. हे योग्य झाले काय? आपल्या रब्बींनी याचे उत्तर पूर्वीच देऊन ठेवले आहे. जीव वाचविण्यासाठी बाकी आज्ञा बाजूला ठेवाव्या. मूर्तिपूजा, व्यभिचार आणि मनुष्यहत्या या तिन्हींना मात्र सूट नाही. लोट्टे यांनी यांपैकी काहीच केले नाही. त्यांनी दुसऱ्या कोणाचे नुकसान केले नाही, आपल्या अब्रूची किंमत दिली. म्हणून आम्ही म्हणतो, त्या खोट्याने बापाचा मान गेला नाही. त्याची लेक आणि नातवंडे जगली.

दुसरी गोष्टही ध्यानात घ्या. आपल्या शास्त्राप्रमाणे मूल आईच्या धर्माचे. म्हणजे कामिलाबाई ज्यू ठरत नाहीत. नाझींच्या हिशेबी त्या ज्यू होत्या आणि एका कागदाने उद्या नव्हत्या. 'तुम्ही खरे ज्यू आहात काय?' हा प्रश्न इस्रायलात आपल्यालाही ऐकावा लागला, आणि १९६४ सालापर्यंत त्यासाठी झगडावे लागले. त्या प्रश्नामागे मृत्यूची गाडी उभी नव्हती, हा फरक विसरू नये. परंतु माणसाची ओळख दुसऱ्याच्या हातच्या कागदावर अवलंबून राहिली की काय वाटते, हे आपल्याला वेगळे सांगायला नको.

१९४७ साली कामिलाबाई बर्लिनला परतल्या. 'डी बुंटकारिएर्टन' (१९४९) मध्ये त्यांना प्रमुख भूमिका मिळाली. नंतर पश्चिम जर्मनीच्या पडद्यावर त्या पुन्हा दुय्यम भूमिकांकडे वळल्या. 'रोझेन फ्यूर डेन श्टाट्सआनवाल्ट' (१९५९) मध्ये नाझी काळ लपवून प्रतिष्ठित झालेल्या सरकारी वकिलाची पत्नी त्यांनी रंगविली. कोणाच्या संसाराची सोबतीण त्यांनी व्हावे, पाहा! श्टेफी मेक्सिकोतील आश्रयाहून परतून पूर्व बर्लिनमध्ये राहिली. १९६१ साली दोघी बहिणींच्या मध्ये भिंत उभी राहिली. ती १९८९ साली पडली, तेव्हा दोघीही हयात होत्या. कामिलाबाई २५ ऑगस्ट १९९७ रोजी बर्लिनमध्येच वारल्या.

येत्या शब्बाथला जेवणानंतर मुलांना ही हकीकत सांगा आणि विचारा : लोट्टेच्या जागी तुम्ही असता, तर काय लिहून दिले असते?