रंगावर नको, क्रमांकावर विश्वास : गाडीच्या ईसीयूच्या वायरी ओळखूया



माझा एक जुना विद्यार्थी आयटीआय करून गॅरेजमध्ये काम शिकतोय. मध्यंतरी त्याने 'लाल म्हणजे प्लस' असं धरून एका वायरीला १२ व्होल्ट दिले. ती निघाली सेन्सरची, ५ व्होल्टची. ईसीयू, म्हणजे इंजिन सांभाळणारा छोटा संगणक, जळाला. पैसे त्याच्या पगारातून कापले. मला वाटलं, 'आधी मोजा, मग सांगा' हे मी त्याला शिकवलं होतं की नुसतं पाठ करून घेतलं होतं? म्हणून आजचा हा पाठ.

१. सॉकेट ओळखा
स्टिअरिंगखाली, डॅशबोर्डच्या आत १६ पिनांचं सॉकेट असतं. स्कॅनर इथेच जोडतात. सॉकेटची रुंद बाजू वर धरली की वरच्या ओळीत डावीकडून १ ते ८, खाली ९ ते १६. लक्षात ठेवा, स्कॅनरच्या प्लगकडे समोरून पाहिलं तर हेच आकडे आरशासारखे उलटे दिसतात. बरीच चूक इथेच होते.

२. वीज तपासा
पिन १६ बॅटरीचा प्लस; ४ आणि ५ अर्थ. मल्टीमीटर डीसी २० व्होल्टवर ठेवून १६ व ४ मध्ये मोजा. साधारण १२ व्होल्ट यायला हवेत. शून्य आले तर आधी फ्यूज बघा.

३. संवादाच्या वायरी
बहुतेक नव्या गाड्यांत पिन ६ आणि १४ ही कॅनची जोडी असते. बऱ्याच जुन्या गाड्यांत पिन ७ वरून संवाद होतो. बॅटरीची मायनस वायर काढून ६ व १४ मधला रोध मोजा. तो साधारण ६० ओहम येतो. का? कॅनच्या मुख्य जोडीच्या दोन्ही टोकांना १२० ओहमचे रोध समांतर जोडलेले असतात, आणि दोन सारखे रोध समांतर जोडले की निम्मे होतात. १२० आले तर एक टोक तुटलंय, शून्याजवळ आले तर दोन वायरी एकमेकींना चिकटल्यात असा संशय घ्या. काही गाड्यांत रचना वेगळी असते, म्हणून त्या मॉडेलचा वायरिंग नकाशा जवळ हवाच.

४. ईसीयूपर्यंत जा
नकाशातला पिन क्रमांक आणि कनेक्टरवर कोरलेला क्रमांक जुळवा. एकाच रंगाच्या अनेक वायरी असतात, म्हणून रंग फक्त साक्षीदार! बॅटरी आणि ईसीयूचा कनेक्टर काढूनच मल्टीमीटरची बीप तपासा. टेस्ट लॅम्प लावू नका, तो जास्त करंट ओढतो. पिवळ्या आवरणातल्या वायरी बहुधा एअरबॅगच्या असतात. त्यांना हात लावायचाच नाही.

पालकहो, यात अवघड असं काय आहे? आरशातली प्रतिमा, नकाशावाचन, अपूर्णांक. सगळं आपल्याच वर्गातलं. फक्त मुलाने उत्तर दिलं की एकदा विचारूया, "मोजलंस का रे?"