व्यंगचित्र : मुद्दाम स्केल सोडून

इंजिनिअरिंगला आल्या आल्या आपल्या डोक्यात एकच गोष्ट ठोकून बसवली जाते, ती म्हणजे स्केल. एक मिलिमीटर इकडे-तिकडे झाला की शीट पुन्हा काढा! (मग आपण जीटी मारतो, तो भाग वेगळा.) आणि त्याच शीटच्या मागच्या बाजूला, लेक्चर रटाळ झालं की, आपण सरांचं नाक चेहऱ्याच्या निम्मं काढतो. गंमत अशी की सर चटकन ओळखू येतात ते या चुकीच्या मापाच्या चित्रातच.

हा लेख लिहायला एक कारण घडलं. मागच्या वर्षी मेसच्या डाळीला वैतागून मी होस्टेलच्या नोटीस बोर्डावर एक चित्र लावलं. डाळ पातळ करायचं डोकं कंत्राटदाराचं. पण कंत्राटदार महिन्यातून एकदा दिसतो, रोज समोर असतो तो वाढणारा मुलगा. म्हणून मी त्यालाच काढलं. पुढे आलेले दात, तिरळा डोळा, हातात भलंमोठं वगराळं. पोरं पोट धरून हसली. रात्री त्या मुलाने ते चित्र स्वतः उतरवलं, नीट घडी घातली आणि खिशात ठेवलं. बोलला काहीच नाही. दुसऱ्या दिवशी डाळ तेवढीच पातळ होती.

रेषा वाईट नव्हती, तरी चित्र फसलं. का फसलं ते शोधायला म्हणून व्यंगचित्रांच्या इतिहासात शिरलो.

सुरुवात आपल्याला आवडेल अशी, म्हणजे एका तांत्रिक शोधाने होते. १७९६ च्या सुमारास जर्मनीत आलॉइस झेनेफेल्डरने शिळाछाप शोधला. चुनखडीच्या गुळगुळीत दगडावर तेलकट खडूने चित्र काढायचं आणि दगड ओला करायचा. तेलकट रेषा पाणी घेत नाही पण शाई घेते, ओला दगड शाई घेत नाही. बस्स! तांब्याच्या पत्र्यावर कोरत बसायला नको, त्यामुळे चित्रं भराभर छापता येऊ लागली.

पॅरिसमध्ये शार्ल फिलिपाँने १८३० साली याच तंत्रावर एक व्यंगचित्र साप्ताहिक काढलं. तेव्हाचा राजा लुई-फिलिप गालफुगा, खाली रुंद आणि वर निमुळता. १८३१ मध्ये राजाच्या बदनामीचा खटला झाला तेव्हा फिलिपाँने चार चित्रं पुढे केली. पहिल्यात राजा, पुढे चेहरा थोडा थोडा बदलत जातो आणि चौथ्यात चक्क एक नासपती! आता यातल्या कुठल्या चित्रापाशी गुन्हा सुरू होतो ते सांगा, असा त्याचा सवाल. शिक्षा झालीच, पण पॅरिसच्या भिंतींवर पोरं नासपती काढू लागली.

त्याच्याकडे काम करणारा ओनोरे दोमिए त्याहून मोठा कलावंत. राजा तोंड वासून बसलाय, गरिबांच्या पैशांच्या टोपल्या फळीवरून त्याच्या तोंडात रिकाम्या होताहेत आणि बुडाखालून मानमरातबाचे कागद बाहेर पडताहेत, या १८३१ च्या चित्रासाठी त्याला सहा महिन्यांची कैद झाली. इथे मी थांबलो. राजा अवाढव्य काढलाय, पण हसू त्याच्या जाडीचं येत नाही. पैसा कुठून येतो आणि कुठे जातो, याचा तो जवळजवळ फ्लो डायग्रॅम आहे. आणि १८३४ मध्ये सैनिकांनी एका घरात शिरून माणसं मारली, तेव्हा याच दोमिएने अतिशयोक्ती पूर्ण सोडली. पलंगाशेजारी पडलेला बाप, त्याच्या अंगाखाली दबलेलं मूल, इतकंच.

सरकारने १८३५ मध्ये कायदा केला की चित्र छापण्याआधी परवानगी हवी. नुसत्या मजकुराला मात्र ती अट नव्हती. शब्दांपेक्षा रेषेची भीती जास्त!

पुढे लंडनमध्ये १८४१ ला 'पंच' निघालं. आज आपण 'कार्टून' म्हणतो तो अर्थ त्यानेच १८४३ मध्ये रूढ केला. मुंबईत त्याच्या धर्तीवर १८५४ मध्ये 'पारसी पंच' निघालं. आपल्याकडच्या पुढच्या पिढीवर खरा ठसा मात्र उमटला तो लंडनच्या डेव्हिड लोचा. हा मूळचा न्यूझीलंडचा. हिटलरला तो राक्षस म्हणून नाही, बावळट म्हणून काढायचा, आणि तेच नाझींना झोंबायचं. १९३७ मध्ये त्यांनी ब्रिटिश मंत्री हॅलिफॅक्सकडे तक्रारसुद्धा केली.

म्हैसूरच्या एका मुलाला 'हिंदू'त छापून येणारी लोची सही 'काऊ' अशी वाचता यायची. हा मुलगा म्हणजे आर. के. लक्ष्मण. जे. जे. स्कूल ऑफ आर्टने त्यांना प्रवेश नाकारला होता. (केटी लागलेल्यांनी नोंद घ्यावी.) मुंबईच्या 'फ्री प्रेस जर्नल'मध्ये ते आणि बाळ ठाकरे दोघेही होते. दोघेही लोचे चाहते, आणि मैत्री शेवटपर्यंत टिकली. पण वाटा किती वेगळ्या!

लक्ष्मण 'टाइम्स'मध्ये गेले आणि १९५१ पासून त्यांचा चौकड्यांचा कोट घातलेला कॉमन मॅन रोज दिसू लागला. तो कधीच बोलत नाही. मंत्री, अधिकारी, पुढारी बडबडतात आणि हा बघत उभा. विनोद होतो तो बोलणाऱ्यांचा. लक्ष्मण शेवटची वर्षं पुण्यात होते, २६ जानेवारी २०१५ ला गेले. कॉमन मॅनचा पुतळा सिंबायोसिसच्या आवारात आहे.

ठाकरे 'फ्री प्रेस'मधून बाहेर पडले आणि भाऊ श्रीकांत यांच्यासह १३ ऑगस्ट १९६० ला 'मार्मिक' सुरू केलं. त्यांची रेषा जोरकस, एका फटक्यात माणूस उभा करणारी. मराठी वाचकाला स्वतःचं व्यंगचित्र साप्ताहिक मिळालं. पुढे त्यात मुंबईच्या कंपन्यांतल्या अमराठी अधिकाऱ्यांच्या नावांच्या याद्या 'वाचा आणि थंड बसा' या मथळ्याखाली येऊ लागल्या, आणि १९ जून १९६६ ला शिवसेना स्थापन झाली. नोकरीचा प्रश्न खराच होता. आपल्या चाकण-भोसरी पट्ट्यात तो आजही गेटवर उभा असतो. पण माझ्या मते यादी हे व्यंगचित्र नव्हे. चित्रात निर्णय घेणारा पकडला जातो, यादीत नुसतं आडनाव.

आणीबाणीत, १९७५ ला, १८३५ ची आठवण यावी अशी पूर्वतपासणी इथेही आली. दिल्लीचं 'शंकर्स वीकली' त्याच वर्षी बंद झालं. पण डिसेंबरमध्ये अबू अब्राहम यांचं 'इंडियन एक्स्प्रेस'मधलं चित्र निसटलंच. राष्ट्रपती बाथटबमध्ये बसून अध्यादेशांवर सह्या करताहेत! अंगावरचे कपडे काढलेत, पण थट्टा अंगाची नाही, सहीच्या घाईची आहे.

आणि आपला माणूस राहिलाच. वसंत सरवटे सिव्हिल इंजिनिअर, सिमेंट कंपनीत नोकरी, आणि एकीकडे 'ललित'मधली चित्रं, पुलंच्या पुस्तकांची चित्रं. त्यांच्या चित्रात लेखकाच्या नाकापेक्षा त्याची लिहिण्याची खोड ठळक दिसते. राजकारण कमी, पण स्केल कुठे सोडायचं हे शिकायचं तर त्यांच्याकडेच.

यंदा डाळ परत पातळ झाली तेव्हा मी डाळीच्या वाटीचा सेक्शनल व्ह्यू काढला. हॅचिंग, डायमेन्शन, तळाशी डाळीचे तीन दाणे, वर पाणी, आणि वाटीतून निघालेली पाइपलाइन थेट कंत्राटदाराच्या खिशात. खाली टायटल ब्लॉक, 'नॉट टू स्केल'. तो वाढणारा मुलगा बोर्डापाशी बराच वेळ उभा होता. जेवायला बसलो तेव्हा वाढता वाढता हळूच म्हणाला, "दादा, पाण्याची रेघ थोडी खालीच दाखवलीत."

— तृतीय वर्ष, यंत्र अभियांत्रिकी