निविदा न भरणाऱ्याचाही हक्क
(बी.ए. भाग २)

चार वर्षांपूर्वीची गोष्ट. एका सरकारी कार्यालयाने वसतिगृहाला भाजीपाला पुरविण्यासाठी निविदा मागविल्या होत्या. बाळापूरच्या बाजारात माझे वडील भाजी विकतात. वर्तमानपत्रातील जाहिरात मीच त्यांना वाचून दाखविली. "तीन वर्षांच्या पुरवठ्याचा अनुभव आवश्यक" या ओळीवर ते थांबले. "आपून त्याच्यात बसत नाही, मंग पैशे कायले भरा?" असे म्हणून त्यांनी कागदाची घडी केली. पुढे कळले, की ज्याला काम मिळाले त्यालाही तसा अनुभव नव्हता. पण आम्ही निविदाच भरली नव्हती. तक्रार कोणत्या तोंडाने करावयाची? या वर्षी राज्यशास्त्राच्या तासाला अनुच्छेद १४ शिकताना या प्रश्नाचे उत्तर मिळाले. तेच वाचकमित्रांपुढे ठेवीत आहे.

खाजगी व्यापारी आपला माल कोणालाही देऊ शकतो. त्याला कारण विचारणारे आपण कोण? शासनाचे तसे नाही. त्याच्या हातातील पैसा आणि काम जनतेचे आहे. म्हणून ठेका देतानाही त्याला समानतेचे तत्त्व पाळावे लागते. ही गोष्ट सर्वोच्च न्यायालयाने ज्या खटल्यात ठामपणे सांगितली, तो आपल्या मुंबईचाच आहे: रमणा दयाराम शेट्टी विरुद्ध आंतरराष्ट्रीय विमानतळ प्राधिकरण.

१९७७ च्या जानेवारीत मुंबई विमानतळावर दुसऱ्या श्रेणीचे एक उपाहारगृह आणि दोन अल्पोपाहार केंद्रे चालविण्यासाठी निविदा मागविल्या गेल्या. अट अशी, की निविदा भरणारा दुसऱ्या श्रेणीचा नोंदणीकृत हॉटेलचालक असावा व त्याला किमान ५ वर्षांचा अनुभव असावा. सहा निविदा आल्या. ज्याने सर्वांत जास्त, म्हणजे दरमहा ६,६६६ रुपये ६६ पैसे देऊ केले, त्याला काम मिळाले. त्याला कँटीन चालविण्याचा अनुभव होता. पण तो दुसऱ्या श्रेणीचा नोंदणीकृत हॉटेलचालक नव्हता. प्राधिकरणाचे म्हणणे असे, की जास्त पैसे मिळाले, मग बिघडले कोठे?

४ मे १९७९ रोजी न्या. भगवती यांनी निकाल दिला. शासकीय संस्थेने स्वतः घातलेली अट तिने स्वतः पाळलीच पाहिजे, असे त्यांनी सांगितले. त्याचे कारण फार महत्त्वाचे आहे. अट वाचून, आपण पात्र नाही असे समजून, अनेक जण घरीच बसले असतील. अट मोडावयाचीच होती, तर त्यांनाही संधी मिळावयास हवी होती. म्हणजे निविदा न भरणाऱ्याचाही हक्क असतो! हे वाचताना मला बाबांनी घडी केलेला तो कागद आठवला.

परंतु या निकालाला दुसरी बाजू आहे. निविदा देणे अवैध ठरूनही न्यायालयाने ती रद्द केली नाही. अर्जदाराने उच्च न्यायालयात येण्यास पाच महिन्यांहून अधिक उशीर केला होता. तोपर्यंत ठेकेदाराचा खर्च झाला होता. शिवाय अर्जदाराचा स्वतःचा खरा हितसंबंध नसून त्याला दुसऱ्याने पुढे केले आहे, असे न्यायालयाला दिसले. तत्त्व जिंकले, अर्जदार हरला.

मग न्यायालय प्रत्येक निविदेत हात घालते काय? नाही. मोबाइल टेलिफोनच्या परवान्यांसंबंधीच्या टाटा सेल्युलर खटल्यात (१९९४) न्यायालयाने स्पष्ट केले, की आपण अपील ऐकत नसून निर्णय कसा घेतला गेला एवढेच तपासतो. कोणाचा पाइप चांगला, हे अभियंत्याने ठरवावे. निवड मनमानीने किंवा दुष्ट हेतूने झाली काय, हे न्यायाधीशाने पाहावे.

पाइपचे उदाहरण मी मुद्दाम घेतले. आपल्या तालुक्यातील पारसप्रमाणे नागपूर जिल्ह्यात खापरखेडा येथेही औष्णिक वीजकेंद्र आहे. तेथील मोठ्या पाइपांच्या व टाक्यांच्या कामाचा ठेका तेव्हाच्या महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळाने दिला, तेव्हा दुसऱ्या कंपनीने उच्च न्यायालयातून स्थगिती मिळविली. वस्तुतः दोन्ही कंपन्या अटी काटेकोरपणे पूर्ण करीत नव्हत्या. १९९८ च्या डिसेंबरात न्या. सुजाता मनोहर यांनी ती स्थगिती उठविली. निविदेतच सोय असेल आणि कारण प्रामाणिक असेल, तर अट शिथिल करता येते, असे त्यांनी म्हटले. काम थांबले की खर्च वाढतो आणि त्याची झळ जनतेला बसते. दोन व्यापाऱ्यांच्या भांडणात लोकहित कोठे आहे, हे आधी पाहावे, हा त्या निकालाचा धडा होय.

हे दोन निकाल परस्परविरोधी वाटतील. पण तसे नाही. पहिल्यात अट गुपचूप मोडली गेली, दुसऱ्यात ती शिथिल करण्याची वाट सर्वांना आधीच दिसत होती. दार सर्वांसाठी सारखे उघडे होते काय, हाच दोन्हीकडे खरा प्रश्न आहे.

आपल्या अकोला जिल्ह्यासाठी उच्च न्यायालयाचे खंडपीठ नागपूरला आहे. अनुच्छेद २२६ प्रमाणे तेथे अर्ज करता येतो. पण लहान माणसाला वकिलाचा खर्च कोठून झेपणार? निदान २००५ च्या माहिती अधिकार कायद्याने, काम मिळालेल्याने कोणती अट पूर्ण केली, हे तरी विचारता येते.

हा सगळा निकाल मी बाबांना समजावून सांगितला. शांतपणे ऐकून ते म्हणाले, "म्हंजे खरं ठरलं, पन हाटेल त्याचंच राहलं!" कायद्याची पुस्तके न वाचताही त्यांनी मर्म ओळखले. हक्क माहीत असणे पुरेसे नाही, तो वेळेवर मागावा लागतो. आपल्यापैकी अनेकांच्या घरी जाहिरात वाचणारे आपणच पहिले आहोत. तेव्हा मित्रहो, ती शेवटच्या ओळीपर्यंत वाचू या. आणि काम कोणाला मिळाले, तेही वेळेवर विचारू या.