चुकलेले वळण चुकू द्यावे

सिंगापुरात नव्याने गाडी चालवू लागणाऱ्या मराठी माणसाला माझा पहिला सल्ला कॅमेऱ्यांबद्दल नसतोच. मी एवढेच सांगतो, की चुकलेले वळण चुकू द्या. एक्झिट हुकला तर हुकला. पुढच्या एक्झिटला उतरा आणि वळून या. हे बेट पूर्व-पश्चिम सुमारे ५० किलोमीटर आणि दक्षिणोत्तर २७ किलोमीटर. इथे वाट चुकून माणूस जाणार तरी किती लांब? पण आपल्याकडच्या रस्त्यांवर तयार झालेला हात हे सहजी मान्य करत नाही. फाटा दिसला की शेवटच्या क्षणी स्टिअरिंग फिरवायचे, मागच्याने हॉर्न मारला तर मारू द्यायचा, आणि आपण वेळेवर शिरलो याचे वर समाधान मानायचे, अशी ती सवय. इथल्या रस्त्यांवर वावरून माझे मत असे बनले आहे, की लेनच्या गुन्ह्यात सापडणारे बहुतेक लोक वेगाचे शौकीन नसतात. ते सरळमार्गी, नोकरदार, मुलांना शाळेत सोडणारे लोक असतात. फक्त निर्णय उशिरा घेतात. आणि स्वयंचलित कॅमेरा नेमका उशिरा घेतलेला निर्णयच टिपतो.

कॅमेऱ्याला रेघ कळते, घड्याळ कळते आणि नंबरप्लेट कळते. त्यापलीकडचे त्याला काही कळत नाही. इथे सिग्नलवर कॅमेरे आले १९८६ मध्ये, तेव्हा त्यांचे काम एकच होते: दिवा लाल झाल्यावर थांबारेषा ओलांडणारी गाडी टिपायची. पुढे ते डिजिटल झाले आणि १ एप्रिल २०२४ पासून त्यांना वेग मोजण्याचे कामही टप्प्याटप्प्याने देण्यात आले. त्यामुळे पिवळा दिवा दिसताच अ‍ॅक्सिलरेटर दाबणाऱ्याची पळवाट बंद झाली. लाल दिव्यातून सुटलात तरी वेगात सापडता. लेन पाहणारे कॅमेरे याच्याही पुढचे. वुडलँड्स आणि तुआस ही मलेशियाकडे जाणारी दोन नाकी. शाळांना सुट्टी लागली किंवा जोडून रजा आली, की तिथल्या रांगा पार एक्स्प्रेसवेवर येतात. या रांगेत मध्येच घुसणाऱ्यांना धरण्यासाठी ट्रॅफिक पोलिसांनी तिथे नियमभंग टिपणारे कॅमेरे लावले आहेत. जोड पांढऱ्या रेघांवरून चाक गेले, की पुरावा तयार. शिवाय रांग मोडणाऱ्याला नाक्यावरून परत फिरवून पुन्हा शेपटाला उभे करण्याचीही पद्धत आहे. मला ही दुसरी शिक्षा पहिलीपेक्षा शहाणपणाची वाटते. जी वेळ वाचवायला रांग मोडली, तीच वेळ वसूल होते.

म्हणून इथे आलेल्याने आधी रेघा वाचायला शिकावे. परदेशी परवान्यावर इथे राहणाऱ्याला बारा महिन्यांपलीकडे गाडी चालवता येत नाही. स्थानिक परवान्यासाठी लेखी परीक्षा द्यावी लागते आणि ५० पैकी किमान ४५ प्रश्न बरोबर यावे लागतात. आपली मंडळी घोकंपट्टीत तरबेज, त्यामुळे परीक्षा सुटते. मात्र घोकलेले उत्तर आणि पावसाळी संध्याकाळी काचेपलीकडे दिसणारी रेघ यांची गाठ पडायला वेळ लागतो. जोड अखंड पांढऱ्या रेघा ओलांडायच्या नाहीत, मग पलीकडची लेन कितीही मोकळी असो. एक अखंड आणि एक तुटक अशी जोडी असेल, तर तुटक बाजूने पलीकडे जाता येते, अखंड बाजूने नाही. फाट्याच्या तोंडाशी रंगवलेला पट्ट्यापट्ट्यांचा त्रिकोण ही मोकळी जागा नव्हे. त्यावरून गाडी न्यायची नाही. पिवळ्या चौकटीत पलीकडे जागा असल्याशिवाय शिरायचे नाही. आणि यू-टर्नचा नियम आपल्या सवयीच्या नेमका उलट आहे. आपल्याकडे मनाईची पाटी नसली की वळायचे. इथे परवानगीची पाटी असली तरच वळायचे. हा एकच फरक ध्यानात न आल्यामुळे अनेकांच्या घरी पहिले समन्स येते.

बसलेनवर थोडे थांबायला हवे, कारण तिथे रेघेबरोबर घड्याळही पाहावे लागते. सिंगापुरात बसलेन १९७४ पासून आहेत. साधी बसलेन, म्हणजे एकच पिवळी रेघ असलेली, सोमवार ते शुक्रवार सकाळी साडेसात ते साडेनऊ आणि संध्याकाळी पाच ते आठ एवढ्या वेळेत बसची. पिवळ्या रेघेला लागून लाल रेघ असेल, तर ती दिवसभराची: सोमवार ते शनिवार, सकाळी साडेसात ते रात्री अकरा. ऑर्चर्ड रोडवर शनिवारी दुपारी खरेदीला निघालेला माणूस ‘आज ऑफिसची गर्दी नाही’ म्हणून डावीकडे सरकतो आणि सापडतो तो या लाल रेघेमुळे. कॅमेरे रस्त्याकडेलाही असतात आणि बसवरही, म्हणजे ज्या बसची वाट आपण अडवली तिच्याकडेच आपला पुरावा असू शकतो. डावीकडे वळायचे असेल तर बसलेनमध्ये शिरायची मुभा आहे, पण पिवळी रेघ तुटक झाल्यावर. बहुतेक जण सापडतात ते याच शेवटच्या टप्प्यात: वळण समोर दिसत असते, बसलेन रिकामी असते, आणि रेघ तुटक व्हायला अजून दोन-चार गाड्यांचे अंतर बाकी असते. तेवढी कळ काढावी.

आता दंडाचे पाहू. बसलेनमध्ये शिरल्याचा दंड १३० डॉलर. ज्या देशात मोटार बाळगण्याचा दहा वर्षांचा नुसता परवाना गेल्या काही वर्षांत लाख डॉलरच्या घरात गेला, तिथे मोटारमालकाला १३० डॉलरची काय मातब्बरी? प्रश्न रास्त आहे. इटलीच्या बेकारिया या विचारवंताने १७६४ मध्येच याचे उत्तर देऊन ठेवले होते: गुन्हा थांबतो तो शिक्षेच्या कठोरपणाने कमी आणि तिच्या अटळपणाने जास्त. कधीमधी सापडणाऱ्याला जबर दंड केला तर तो नशिबाला दोष देतो. दर वेळी सापडणारा मात्र सवय बदलतो. जिथे अटळपणाही पुरत नाही, तिथे इथल्या व्यवस्थेने पैशाला बाजूला सारून परवान्यावरच हात ठेवला आहे. लाल दिवा ओलांडला, की मोटारीला ४०० डॉलर दंड आणि वर १२ दोषांक. चोवीस महिन्यांत २४ दोषांक झाले की परवाना स्थगित. म्हणजे दोन लाल दिवे, आणि गाडी दारात उभी ठेवून माणूस बसच्या रांगेत. नव्या चालकाचे तर पहिल्या वर्षात १३ दोषांक झाले तरी परवाना रद्द होतो. दोषांक पैशाने फेडता येत नाहीत, हे त्यांचे बळ. इथे एक गोष्ट स्पष्ट सांगून ठेवतो. नोटीस गाडीच्या मालकाच्या नावाने येते आणि त्या वेळी गाडी कोण चालवत होते हे मालकाने सांगायचे असते. नवऱ्याचे दोषांक वाढले म्हणून बायकोचे नाव टाकायचे, मित्राचा परवाना वाचवायला स्वतःचे नाव द्यायचे, असली ‘माणुसकी’ करू नये. लेनचा गुन्हा दंडावर, फार तर दोषांकांवर भागतो. खोटी माहिती देण्याचा गुन्हा तुरुंगापर्यंत नेतो.

यावर पहिला आक्षेप असतो की हे सगळे सरकारी तिजोरी भरायचे यंत्र आहे. मला तो पटत नाही, आणि त्याचे कारण कॅमेऱ्यांच्या रंगात आहे. कमाईच करायची असती तर कॅमेरे झाडाआड लपवले असते. इथे वेगाचे कॅमेरे भडक नारिंगी रंगवले आहेत, आणि कुठल्या रस्त्यावर कॅमेरा आहे याची यादी पोलीसच जाहीर करतात. सावध केल्यावरही जो सापडतो त्याच्याबद्दल फारशी सहानुभूती उरत नाही. त्याच धाग्यावरचा दुसरा आक्षेप मात्र जास्त वजनदार आहे: कॅमेरा माहीत असेल तर लोक तेवढ्यापुरते शहाणे होतात आणि पुढे पुन्हा मोकाट सुटतात. हे खरे आहे. म्हणून तर डिसेंबर २०१८ मध्ये तानाह मेराह कोस्ट रोडवर सरासरी वेग मोजणारे कॅमेरे लावावे लागले. गाडी पट्ट्यात कधी शिरली आणि कधी बाहेर पडली यावरून तिचा वेग काढतात, त्यामुळे खांबापाशी ब्रेक दाबून उपयोग होत नाही. लेनच्या बाबतीत असा सरासरीचा उपाय नाही. तिथे कमतरता भरून काढतात इतर चालक. इथे गाडीगाडीत डॅशकॅम आहे आणि लोक चित्रफिती सरळ पोलिसांकडे पाठवतात. शेजाऱ्याने शेजाऱ्याची चहाडी करावी असा हा प्रकार मला फारसा रुचत नाही, पण ‘इथे कॅमेरा नाही’ हा हिशेब त्याने पार कोलमडतो एवढे खरे.

कॅमेऱ्याला परिस्थिती कळत नाही, हा आक्षेप मात्र मी अर्धा मान्य करतो. मागून रुग्णवाहिका आली आणि तिला वाट देताना चाक बसलेनमध्ये गेले, तर यंत्राला दिसते फक्त चाक. अशा वेळी अपिलाची सोय असते, आणि स्वतःच्या डॅशकॅमचे चित्रण हाताशी असेल तर बाजू मांडणे सोपे जाते. म्हणून ते लगेच जपून ठेवावे. कधी दोष रस्त्याचाही असतो. मरीना कोस्टल एक्स्प्रेसवे २९ डिसेंबर २०१३ रोजी खुला झाला आणि लगेचच्या कामाच्या दिवशी प्रचंड कोंडी झाली, कारण नवे एक्झिट चालकांना उमगेनात. मग फलक आणि सिग्नलच्या वेळा सुधाराव्या लागल्या. समुद्राखालच्या बोगद्यात फाटा अचानक समोर आला, तर शहाणा माणूसही गोंधळतो. सिग्नलच्या कॅमेऱ्यांचे आणखी एक वास्तव आहे. अमेरिकेच्या केंद्रीय महामार्ग प्रशासनाने २००५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात, अशा कॅमेऱ्यांमुळे चौकात काटकोनात होणाऱ्या धडका सुमारे २५ टक्क्यांनी घटल्या, पण मागून बसणाऱ्या धडका सुमारे १५ टक्क्यांनी वाढल्या, असे दिसले. काटकोनातली धडक दाराला बसते आणि माणूस मारते. मागची बहुधा बंपरवर भागते, त्यामुळे एकूण जमेची बाजू मोठी. तरीही त्यातून चालकाने घ्यायचा धडा सरळ आहे: सिग्नल जवळ आला की पुढच्या गाडीपासून अंतर वाढवा आणि आरसा पाहून मगच ब्रेक लावा. कॅमेऱ्याला घाबरून करकचून थांबणारा चालक नियम पाळत असतो, पण सुरक्षित असतोच असे नाही.

पाळतीचा आक्षेप मला सर्वांत गंभीर वाटतो, आणि त्याला माझ्याकडे पुरते उत्तर नाही. साथीच्या काळात संपर्क शोधण्यासाठी गोळा केलेली माहिती गुन्ह्याच्या तपासात पोलिसांना वापरता येते, हे जानेवारी २०२१ मध्ये संसदेत उघड झाले तेव्हा इथले शांत नागरिकही चिडले होते, आणि सरकारला त्या वापरावर कायद्याने मर्यादा घालावी लागली. नंबरप्लेट वाचणारे यंत्र उद्या आणखी काय वाचेल, ही शंका त्यामुळे खुळी म्हणता येत नाही. तिचे निराकरण कायद्यानेच व्हायला हवे: चित्रण किती काळ ठेवायचे, कोणी पाहायचे, कशासाठी वापरायचे. पण ही शंका पुढे करून कोणी जोड रेघ ओलांडायची सूट मागू लागला, तर तो दोन वेगळे हिशेब एकाच वहीत मांडतो आहे.

सुट्टीत गावी जाणाऱ्यांसाठी शेवटचे. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर २०२४ पासून अशीच स्वयंचलित यंत्रणा सुरू आहे आणि ती वेग, सीटबेल्ट यांबरोबर लेन तोडणेही टिपते. ई-चलानांविरुद्ध २०२५ च्या जुलैत राज्यातल्या वाहतूकदारांनी संप केला, आणि ट्रकवाल्यांची एक अडचण समजण्याजोगी आहे: घाटात डाव्या लेनमध्ये पुढचा ट्रक बंद पडला तर मागच्याने करायचे काय? सिंगापूरची शिस्त जशीच्या तशी उचलून तिथे लावता येणार नाही. आधी बंद पडलेली वाहने झटपट हलवण्याची सोय आणि ठळक रेघा हव्यात. मोटार चालवणाऱ्याला मात्र ही सबब नाही. उजवी लेन ओव्हरटेकसाठी, काम झाले की आत, एवढे सिंगापूरचे वळण तिथेही चालते. आणि चलान आलेच, तर आपला हक्क माहीत असू द्या. केंद्रीय मोटार वाहन नियमांत २०२१ मध्ये घातलेल्या १६७-अ या नियमानुसार कॅमेऱ्याखालच्या रस्त्यावर तशी सूचना देणारा फलक असायला हवा, गुन्ह्याची नोटीस १५ दिवसांत निघायला हवी, आणि चलान निकाली निघेपर्यंत चित्रण जपून ठेवायला हवे. म्हणून पैसे भरण्यापूर्वी चलानासोबतचे छायाचित्र उघडून नंबरप्लेट, तारीख आणि लेन नीट पाहा. गाडी आपली नसेल, तर तेच छायाचित्र जोडून तक्रार करा. आपली असेल, तर भरून टाका.