उधाणाआधी बाहेरकाठा फिरून बघा

पेण-अलिबागच्या खारेपाटात बियाण्याची जुळवाजुळव मृगाच्या तोंडावर केली तरी निभते. बाहेरकाठा, म्हणजे खाऱ्या पाण्याकडचा बांध, मात्र वैशाखातच फिरून बघायला हवा. 1901 ते 2018 या काळात जगातल्या समुद्राची पातळी सरासरी 20 सेंटिमीटर वाढली. उधाणाच्या भरतीपुढे हे वीतभर पाणी किरकोळ वाटेल. पण आपल्या बांधांची उंची वाडवडिलांनी पाहिलेल्या उधाणावर ठरलेली आहे, आणि बांधावरून पाणी जाते ते या वरच्या वीतभरामुळेच.

अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणात भरती पुरी आली की बांधाच्या आतल्या अंगाने चाला. चिंबोरीच्या बिळातून पाणी झिरपत असेल तर ते ओंजळीत घेऊन बघा. नितळ असेल तर ओहोटीला बीळ खणून चिकणमातीने ठासून भरा. गढूळ असेल तर बांध आतून पोखरला जातोय. सगळ्या खातेदारांना त्याच दिवशी बोलवा.

उघाडीची झडप गाळ आणि प्लास्टिक काढून मोकळी करा. समुद्र चढला की पावसाचे पाणी बाहेर पडायला ओहोटीचे तास कमी मिळतात. अर्धवट उघडणारी झडप आता परवडणारी नाही.

बांधाला खांड पडलीच तर खारभूमी विभागाकडे अर्ज कराच, पण मंजुरीची वाट बघत हात बांधून बसू नका. दोन-तीन हंगाम खारे पाणी आत-बाहेर करत राहिले की खाचरात तिवराचे कांदळवन रुजते. कांदळवन तोडायला कायद्याने मनाई आहे आणि ती योग्यच आहे, कारण बांधाबाहेरचे तिवर लाटांचा मार झेलते. पिकती जमीन अशी हातची गेलेली बघून जीव तुटतो. खांड लहान आहे तोवरच बुजवा.

भातासाठी पनवेल-1, पनवेल-2 किंवा पनवेल-3 हे खार सोसणारे वाण घ्या. रोपवाटिका गोड्या जमिनीत, गादीवाफ्यावर करा. कोवळ्या रोपाला मीठ सोसत नाही. पहिल्या पावसाचे पाणी खाचरात कोंडून चिखलणी करा आणि ओहोटीला सोडून द्या. असे दोन-तीनदा केले की वरचे मीठ बरेच धुऊन जाते. लावणी महिनाभराच्या रोपांची, चुडात चार-पाच रोपे ठेवून करा. कापणीनंतर पेंढा खाचरात पसरला तर उन्हाळ्यात मीठ कमी फुटते.